पेनरोझशी बांधलेली जोडी

आमचा प्रांत लहान, पण तोरा मोठा. न्यूझीलंडात तेव्हा प्रत्येक प्रांताचं आपापलं कौन्सिल असे, आणि पोर्ट हॅरिकच्या चिखलात उभ्या असलेल्या आमच्या कौन्सिलचा रुबाब तर विचारूच नका. लाकडी हॉल, वर पत्रा. सोमवारी तिथे मेंढ्यांचा लिलाव, मंगळवारी लोकशाही. राजदंड परवडला नाही म्हणून अध्यक्षांसमोर गाईच्या गळ्यातली घंटा ठेवलेली. वाद तापला की अध्यक्ष ती वाजवत आणि बाहेर खुंट्याला बांधलेली गाय हंबरून उत्तर देई. बऱ्याच सभासदांपेक्षा तिचं म्हणणं आटोपशीर असे, असं खुद्द अध्यक्षच म्हणत.

अशा या हॉलकडे अँगस टलक जुलैमधल्या एका मंगळवारी दुपारी घोडा बांधून चालत निघाला होता. मत द्यायचं, रात्री गावातच मुक्काम करायचा आणि सकाळी घरी जाताना बायकोसाठी चहाचा डबा घ्यायचा, एवढंच काम. पण हॉलच्या पायरीशी येऊन तो थांबला, आणि बराच वेळ थांबला.

का थांबला ते आधी सांगायला हवं.

अँगस होता वाइपुना नदीच्या वरच्या अंगाचा, मेंढ्यावाल्यांचा मेंबर. मोठ्या हाडाचा, मितभाषी माणूस. भाषणाला उभा राहिला की हातातली टोपी पिळत बसायचा, आणि टोपी पिळून संपली की भाषणही संपायचं. त्याच्या समोरच्या बाकावर बंदराचा मेंबर सिलास पेनरोझ. हा बोटी बांधणारा, कॉर्नवॉलकडचा, हसताना खोकायचा आणि खोकताना हसायचा. सभागृहात दोघं एकमेकांची सालटी काढत आणि संध्याकाळी एकाच टेबलावर मटणाचे तुकडे खात. सिलास त्याला डोंगऱ्या म्हणे, तो सिलासला खाऱ्या. वरच्यांना नदीवर पूल हवा होता. बंदरवाल्यांना समुद्राच्या लाटा अडवणारा धक्का हवा होता. तिजोरीत दम एकाचाच. आणि सभागृहात दोन्ही बाजूंची डोकी मोजली तर अगदी सारखी.

आता सभागृहात एक रीत होती. कुठल्या नियमात नव्हती, नुसती शब्दावर चालायची. एका बाजूच्या माणसाला मतदानाला येणं जमत नसलं, तर समोरच्या बाजूचा एक जण आपणहून बाहेर राहायचा. दोघंही नाहीत, म्हणजे तराजू तसाच. याला जोडी बांधणं म्हणत. जोडी मोडली तर दंड नव्हता. फक्त त्या माणसाशी पुन्हा कुणी जोडी बांधत नसे, आणि दुकानातसुद्धा त्याच्या शेजारी उभं राहायला लोक नाखूश असत.

तीन वर्षांपूर्वी, धक्क्याच्या मतदानाच्या दिवशी, घोडा फेसाळेपर्यंत दौडवत एक माणूस हॉलशी आला. अँगसची एकुलती एक मुलगी एल्स्पेथ, वय वर्षं सहा, शेजाऱ्याच्या घोड्यावर मागे बसून नदी उतरत असताना घोड्याचा पाय निसटला. शेजारी वाचला, घोडा वाचला. अँगस उठला तो टोपीसुद्धा न घेता. सिलासने हातातली पेन्सिल खाली ठेवली आणि त्याच्या मागोमाग हॉलच्या बाहेर आला. जोडी बांधतोस का, असं विचारायलाही अँगस थांबला नव्हता. पण सिलास बाहेर आला आणि दार लागेपर्यंत पावसात उभा राहिला. दोघंही बाहेर, म्हणजे आत मतांची बरोबरी, आणि बरोबरीत अध्यक्ष आहे तसंच राहू दे म्हणत. त्यामुळे धक्का अध्यक्षांच्या एका मताने पडला. सिलास आत असता तर वाचला असता. त्याच हिवाळ्यात बंदराच्या तोंडाशी दोन मासेमारी बोटी फुटल्या. कुणीतरी सिलासच्या दारावर सडका मासा टांगून गेलं. सिलासने तो काढला, पुरला, आणि अँगसकडे त्याचा कधी शब्दही काढला नाही.

एल्स्पेथ सापडली नाही. होडीवाला पाओरा आणि त्याचे भाऊ आठवडाभर नदीचा तळ चाचपत होते.

म्हणून या जूनमध्ये, छातीचं दुखणं विकोपाला गेल्यावर सिलासने बोलावणं धाडलं तेव्हा अँगस लगेच गेला. खोलीत डांबराचा आणि उकळत्या कांद्याचा वास होता. सिलासने आधी त्याच्या बुटांच्या चिखलावरून दोन टोमणे मारले, मग बराच वेळ खोकला, आणि मग म्हणाला, "पुलाचं मतदान येतंय. मी काही येत नाही तिथे. मी नाही, तर तूही नाही. माझ्या लोकांना मी दुसऱ्यांदा उघड्यावर नाही टाकू शकत. बांधतोस जोडी?"

त्या पुलासाठी अँगसने आपली हाडंसुद्धा काढून दिली असती. तरी त्याने हात पुढे केला. सिलासचा हात गरम होता, भट्टीतल्या विटेसारखा. चार दिवसांनी सिलास गेला.

आणि हे कळताच वरच्यांचा म्होरक्या थॉर्बर्न वकील अँगसच्या घरी येऊन बसला. इशबेलच्या, म्हणजे अँगसच्या बायकोच्या, हातचा गरम पाव खात खात त्याने समजावलं. मेलेल्याला मत नसतं, मत नाही तर जोडी कसली. शब्द सिलासला दिला होता, त्याच्या रिकाम्या खुर्चीला नव्हे. आणि शाळा नदीपलीकडे आहे, वाडीतली सगळी पोरं रोज सकाळी पाओराच्या होडीत बसतात, ती कोणासाठी थांबायची? इशबेल रोज सकाळी पोरं पलीकडे पोचेपर्यंत काठावर उभी असायची, हे थॉर्बर्नला माहीत नव्हतं. अँगसला होतं.

तर, पायरीवर बराच वेळ थांबून अँगस आत गेला.

धुकं एवढं दाटलं होतं की दिवे दुपारीच लावले होते. घासलेटाचा धूर, ओल्या लोकरी कोटांचा वास, पत्र्यावर पावसाची न थांबणारी कुरकुर. सिलासच्या खुर्चीवर काळी पट्टी बांधलेली. पुलाच्या विधेयकाचं दुसरं वाचन होतं. भाषणं झाली. मग मतदानाची घंटा वाजली आणि रीतीप्रमाणे दाराला कुलूप लागलं, आता कुणी आत नाही की बाहेर नाही.

कुलपाचा आवाज झाला तसा एक वेगळाच वास आला. ओल्या गोट्यांचा, पुराने कुजलेल्या गवताचा. नदीचा वास. एल्स्पेथ गेली ते नदीचं वळण बंदरापासून दिवसभराच्या वाटेवर. अँगसने मान वर केली.

काळ्या पट्टीच्या खुर्चीत सिलास बसला होता.

तोच तपकिरी कोट, गुडघ्यापर्यंत भिजलेला. खाली फळीवर पाणी साचत होतं. शेजारच्या मेंबरने त्यात बूट टेकवला आणि सवयीने नाक शिंकरलं. त्याला काही दिसलं नाही. कुणालाच दिसलं नाही.

बाजूने मत देणारे उजवीकडच्या खोलीत, विरोधातले डावीकडच्या, अशी पद्धत. मध्ये एक अरुंद बोळ, तिथे दोन्ही रांगा घासून जात. अँगस भिंत धरून चालला होता. सिलास त्याच्या खांद्याला खांदा लावून आला. खांद्यातून गारवा शिरला.

"कशाला आलास रे, डोंगऱ्या..."

अँगसने भिंत आणखी घट्ट धरली.

"तू आत आलास, म्हणून मला यावं लागलं. मत कुणी मोजत नाही माझं... पण यावं लागतं. जोडीच तशी आहे."

"सिलास... तिकडे... आमची..."

"आहे." सिलासला खोकला येत नव्हता, आणि तेच सगळ्यात भयंकर होतं. "नदीतच आहे अजून. काळोख आहे तिथे. पाणी तिच्या छातीशी. मी गेल्यापासून तिचा हात धरून उभा आहे. तू आत आलास की तो सोडावा लागतो."

"म्हणजे आत्ता..."

"आत्ता ती एकटी आहे, अँगस."

मागून कुणीतरी ढकललं, रांग पुढे सरकली. पूल एका मताने पास झाला. कुलूप निघालं तसा अँगस धक्के मारत बाहेर पळाला, आणि रस्त्यापर्यंत जाऊन पावसात उभा राहिला. आता मी बाहेर आहे, आता मी बाहेर आहे, असं तो पुटपुटत होता. मागून येणाऱ्या थॉर्बर्नला वाटलं, आनंद झालाय बिचाऱ्याला. त्याने पाठ थोपटली. पंधरा दिवसांनी तिसरं, शेवटचं वाचन, तेवढं एक मत द्यायचं की झालं, म्हणाला.

चहाचा डबा आणायचा राहिलाच.

अँगसने घरी दोन दिवस नुसती कामं उरकली. मेंढ्यांना चारा टाकला, कुंपणाची तार ताणली, जेवण पुढ्यात तसंच ठेवून उठला. नदीकाठी पाओरा भेटला. म्हणाला, "कौन्सिलने पूल बांधायचं म्हणता म्हणता माझी होडी म्हातारी झाली, आता पूल झाला की तिला पेन्शन मिळेल ना, मेंबरसाहेब?" अँगसला हसायला जमलं नाही. पाओराने मग थट्टा सोडली आणि पाण्याकडे बोट दाखवलं. डोंगरात बर्फ यंदा फार पडलंय. वसंतात नदी चढेल तेव्हा आपल्या नातवंडांना होडीत बसवायला आपलेच हात धजायचे नाहीत, असं काहीतरी तो बोलला आणि गेला.

तिसऱ्या दिवशी अँगसने इशबेलला सगळं सांगितलं. चूल धुमसत होती, बाहेर वेका पक्षी ओरडत होता. इशबेलने हातातलं विणकाम खाली ठेवलं नाही, पण सुया थांबल्या.

"कुठला हात?" तिने विचारलं.

"काय?"

"त्याने तिचा कुठला हात धरलाय?"

अँगस म्हणाला, माहीत नाही. नाही विचारलं.

"पायात बूट आहेत का तिच्या?"

तेही नव्हतं विचारलं.

"तीन वर्षांनी पोरीची खबर मिळते," इशबेल म्हणाली, अगदी हळू आवाजात, "आणि तू इतकंसुद्धा विचारून आला नाहीस."

मग ती तोंड फिरवून विणत बसली. तिचे खांदे हलत होते. अँगस खुर्चीतच बसून राहिला. जवळ जायचं धाडस त्याला झालं नाही. एल्स्पेथ गेल्यापासून त्या घरात दोघं एकमेकांच्या दुःखाला असे वळसे घालत जगत होते, खोलीच्या मधोमध पाण्याचा डोह असल्यासारखे.

पुढचे दिवस अँगसने स्वतःशी भांडण्यात घालवले. गेलो नाही तर बरोबरी होते, आणि बरोबरी झाली की अध्यक्ष रीतीप्रमाणे आहे तसंच राहू दे म्हणून मत टाकतात, पूल बुडाला. गेलो तर पोरगी काळोखात, पाण्यात, हात मोकळा. एकदा सोडला तेव्हा परत सापडली असेल. दुसऱ्यांदा सापडेल? शेवटी त्याने ठरवलं, जायचं नाही. सिलासचा शब्द राहील आणि पोरीचा हातही राहील. वाडीतल्या पोरांचं काय, तो विचार मनात आला की तो दुसरीकडे बघे.

सोमवारी पहाटे त्याने पाहिलं तर इशबेलने घोड्यावर खोगीर चढवून ठेवलं होतं. पिशवीत पाव आणि चीज बांधलेलं.

"जा तू," ती म्हणाली.

"इशबेल, तिचा हात..."

"शुक्रवारी होडी चालताना मी काठावर होते. पाओराची धाकटी नात कडेला बसून पाण्यात हात घालत होती, आणि मला वाटलं, बुडाली तर बुडू दे, माझी एकटी का बुडावी." ती लगाम त्याच्या हातात देत होती आणि तिची बोटं सुटत नव्हती. "असं वाटलं मला, अँगस. मला असं जगायचं नाही. तू जा आणि मत दे. हाताचं मी बघते."

अँगसला वाटलं, बोलायची रीत आहे. दुःखात माणूस बोलतं असं.

मंगळवारी हॉल भरला होता. या वेळी धुकं नव्हतं. खिडकीतून पिवळं ऊन येऊन सिलासच्या रिकाम्या खुर्चीवर पडलं होतं. घंटा वाजली, कुलूप लागलं. अँगसने डोळे मिटून घेतले, आणि नदीचा वास आल्यावर उघडले. सिलास बसला होता, पण आज तो आपल्या उजव्या हाताच्या पंज्याकडे बघत होता. उलटा करून, सुलटा करून, काहीतरी हरवल्यासारखा.

बोळात तो जवळ आला.

"सोडलास?" अँगसने विचारलं. "सिलास, कुठला हात... पायात बूट..."

"मी नाही सोडला." सिलासचा आवाज दूर, पाण्याखालून आल्यासारखा. "इकडे यायची ओढ लागली, तरी मी धरून ठेवला होता. कुणीतरी माझ्या बोटांतून काढून घेतला."

"कुणी?"

"काळोख आहे रे तिकडे... तोंड नाही दिसलं. नुसता हात आला, काठाकडून. बाईचा हात." त्याने अंगठा बोटांवर चोळला. "पीठ लागलं होतं त्याला."

मंगळवारची दुपार. याच वेळी घरी इशबेल पावाची कणीक मळत असे.

अँगसने मत दिलं की नाही हे त्याला नंतर कधी आठवलं नाही. दिलं असावं, कारण पूल पास झाला. लोक टोप्या उडवत होते. कुलूप निघताना सिलास एवढंच म्हणाला, आता माझी जोडी सुटली, पुलापुरतीच होती ती. तो खुर्चीकडे गेला नाही. दारातून सगळ्यांबरोबर बाहेर पडला, आणि पायऱ्यांवरच्या गर्दीत अँगसला तो पुन्हा दिसला नाही.

अँगसने घोडा रात्रभर दामटला. वाटेत एकच चित्र डोळ्यांसमोर. नदी, आणि पाण्यावर पसरलेला इशबेलचा झगा. उजाडताना काठावर पोचला. पाओराने त्याच्या तोंडाकडे पाहिलं आणि काही न विचारता होडी सोडली. पलीकडे गेल्यावर अँगसने आधी धुराडं पाहिलं. धूर होता. त्याला रडू कोसळलं, आणि तो रडत रडतच धावला.

इशबेल चुलीपाशी बसली होती. जिवंत, सुकलेल्या डोळ्यांची. टेबलावर परातीत अर्धी मळलेली कणीक, वर कोरडी साय धरलेली. तिच्या उजव्या हाताची बाही कोपरापर्यंत ओली होती, काल दुपारपासून आगीशेजारी बसूनही ओलीच, आणि तिच्या टोकाशी पाण्याचा एक थेंब लोंबत होता. मूठ मिटलेली. घट्ट नव्हे. आत काही नाजूक असावं तशी.

अँगस तिच्या पायांशी बसला. तिला मिठी मारायला त्याने हात पसरले तशी तिने डावा हात वर करून त्याला थांबवलं.

"हळू," ती कुजबुजली. "आत्ता कुठे रडायची थांबलीय." आणि मग थोड्या वेळाने, "डावा आहे. बूट नाहीत पायात."

तीन वर्षांत पहिल्यांदा अँगसने बायकोच्या मांडीवर डोकं ठेवलं. डावा हात ती त्याच्या केसांवरून फिरवत राहिली. उजवा तिने बाजूला, अलगद धरून ठेवला होता.

पुढच्या वर्षी पूल झाला. लाकडाचा, जाड खांबांचा, प्रांताच्या ऐपतीपेक्षा देखणा. पाओराची होडी त्याच्या अंगणात उलटी पडली आणि तिच्याखाली कोंबड्या राहू लागल्या. उद्घाटनाला अध्यक्ष घंटा घेऊन आले होते. पण पुलावरून पहिली चालली ती इशबेल. डावा हात अँगसच्या हातात, आणि उजवा खांदा थोडा झुकलेला, हात शरीरापासून जरा दूर, बोटं वळलेली, सहा वर्षांच्या पोरीला घेऊन चालावं तशी. लोकांना कळलं. पुरुषांनी टोप्या काढल्या. बायकांनी आपापली पोरं उचलून घेतली. तेव्हापासून नदीने त्या जागी कुणाला नेलं नाही.

पुढे सरकारने सगळे प्रांतच मोडून टाकले, कौन्सिलं बंद झाली, आमच्या हॉलात आता आठवडाभर मेंढ्याच असतात. थॉर्बर्न गेला, अध्यक्ष गेले. अँगस आणि इशबेल अजून दर वर्षी उद्घाटनाच्या त्याच दिवशी पूल ओलांडतात. आम्ही वाडीतली माणसं अंतर ठेवून मागून चालतो. बोलत कुणी नाही, पण पाहतो सगळेच. पहिली काही वर्षं इशबेलचा खांदा झुकलेला असायचा. मग दर वर्षी थोडा कमी झुकू लागला, हात थोडा थोडा वर येत गेला. पोर वाढतंय, असं पाओराची नात एकदा डोळे पुसत म्हणाली. तिचीही आता पोरं झालीत. पाच-सहा वर्षांपूर्वी इशबेलचे दोन्ही खांदे एका पातळीत आले, आणि आम्हाला वाटलं, झाली एल्स्पेथ आईएवढी. आता यापुढे काय वाढणार.

गेल्या जुलैत इशबेलचा उजवा हात खांद्याच्या वर होता. दुसरा हात अँगसने दोन्ही हातांनी घट्ट धरला होता, तिला कुणी ओढून नेत असल्यासारखा म्हातारा चालताना मागे रेलत होता. आणि इशबेल शेजारी बघून काहीतरी बोलते ना दर वर्षी, ती या खेपेला शेजारी बघत नव्हती. मान मागे टाकून वर बघत होती.